विश्राम गुरवांनी न केलेली सही

विश्राम धाकू गुरव निवृत्त झाले ते विभागीय आयुक्त म्हणून. निरोपाच्या दिवशी सभागृहात भाषणं झाली, शाल-श्रीफळ झालं, एका तरुण अधिकाऱ्याने त्यांच्या कामांचा पाढा वाचला. कुठे टंचाईत चारा-छावण्या उभारल्या, कुठे पुरात होडीत बसून तांदूळ वाटला, कुठे जमिनीचे जुने तंटे मिटवले. गाळवण्याचं नाव त्यात नव्हतं. असायचं कारणही नव्हतं. सरकारच्या लेखी गाळवण्यात त्यांनी काही केलेलंच नाही. एक सही करायची होती, ती केली नाही, एवढंच.

मी गाळवण्याचा. धरणाच्या पाण्याखाली गेलेल्या. तिथे माझी भाताची गिरण होती, आणि गिरणीवर काय, दळण येतं तशा गोष्टीही येतात. साहेबांची गोष्ट माझ्याकडे अशीच जमली. थोडी डोळ्यांनी, थोडी कानांनी.

ते आमच्या तालुक्याचे नव्हेत. खाली समुद्राकडच्या एका गावात गुरवाच्या घरी जन्मले. बाप देवळात दिवाबत्ती करायचा, पालखीपुढे ढोल वाजवायचा, लोकांची गाऱ्हाणी देवापुढे घालायचा आणि घरी येऊन पेज जेवायचा. देवळात गुरवाशिवाय पान हलत नाही, पण पंगत बसली की त्याचं पान शेवटचं. विश्राम चालायला लागल्यापासून देवळातच असायचे. बाप गाऱ्हाणं घालताना उंबऱ्याशी बसून सगळ्यांबरोबर ओरडायचे, ‘व्हय म्हाराजा!’ एक थोरली बहीण, शेवंती. आई लवकर गेली, तेव्हा तिनेच यांना न्हाऊ-माखू घातलं. पुढे शाळा, मग तालुक्याच्या गावी हायस्कूल, मग रात्रीचं कॉलेज, मग परीक्षा. नायब तहसीलदार, तहसीलदार, उपजिल्हाधिकारी. बाप मेल्यावर गावातली गुरवकी चुलतभावाकडे गेली. विश्राम साहेब देवळात जायचे ते चार माणसांसारखे, हात जोडून, दक्षिणा टाकून.

गाळवण्यावर धरण होणार हे आम्ही इतकी वर्षं ऐकत होतो की त्याची भीती मेली होती. भिंत उभी राहिली, तरी लोक शेत लावत होते, लग्नं ठरवत होते. आधीचे पुनर्वसन अधिकारी जीप घेऊन यायचे, शाळेच्या ओट्यावर खुर्ची टाकून बसायचे, कागद वाचून दाखवायचे आणि अंधार पडायच्या आत घाट उतरायचे. विश्राम गुरव आले ते उलट्या दिशेने. घामाने निथळत, वरून सड्यावरून, पायी. सडा म्हणजे आमच्या डोक्यावरचं ते कातळाचं पठार. तिथेच सरकारने आम्हाला नवं गावठाण दिलं होतं. प्लॉट आखलेले, खांब पुरलेले, शाळेच्या भिंती अर्ध्या.

ते थेट माझ्या गिरणीत शिरले. “पाणी मिळेल का?”

मी तांब्या दिला. उभ्यानेच सगळा रिकामा केला आणि विचारलं, “वर पाणी कुठे आहे?”

कोपऱ्यात भिवा गुरव कण्या चाळून घेत बसला होता. पावणाईच्या देवळाचा आमचा गुरव, म्हातारा, तोंडाने फटकळ. तो हसला. “वर? वर पावसात व्हाळ व्हावतत. शिमग्याक थय कावळोसुदिक जीभ काढून बसता.”

“तिथे विहीर खणलेली दिसली.”

“खड्डो आसा तो. ईहीर म्हणाक तेच्यात पाणी लागता.”

साहेबांनी खिशातून रुमाल काढून मान पुसली आणि भिवाच्या शेजारी पोत्यावर बसले. बोलता बोलता कळलं की हेही गुरवच. भिवाने त्यांना वरपासून खालपर्यंत न्याहाळलं.

“गुरवाचो झील? मगे हातात ढोल खय आसा? फायल कशी इली?”

“ढोल चुलतभाव वाजवतो.”

“आणि तुमी कोणाचो वाजवतास?”

मी घाबरलो. पण साहेब हसले. खळखळून नव्हे, नाकातल्या नाकात. “सरकारचा,” म्हणाले.

त्यानंतर ते वरचेवर यायला लागले. सड्यावरच्या विहिरीचं काम त्यांनी पुन्हा लावलं. सुरुंग लावले, कातळ फुटला, खाली परत कातळ. वरिष्ठांना त्यांनी कळवलं की पाणी नाही. वरून उत्तर यायचं की आधी गाव हलवा, पाण्याचं बघू. पाणी अडवायला धरणाचं दार पावसाआधी खाली पडायला हवं होतं आणि दार पाडायचं तर ‘गाळवण्याचं पुनर्वसन पूर्ण झालं’ असा दाखला लागायचा. त्याखाली सही विश्राम गुरवांची. दुसऱ्या कुणाची चालत नव्हती.

गावकऱ्यांचं एकच टुमणं. “देवीक ईचारा. ती उठली तर आमी उठताव. ती बसली तर आमी बसलंव.”

आधीच्या अधिकाऱ्यांनी हे हसण्यावारी नेलं होतं. विश्राम साहेब म्हणाले, “विचारू या.”

तो दिवस मला लख्ख आठवतो. चैत्रातलं ऊन. देवळात सगळे मानकरी, मागे आम्ही बाकीचे, बायका ओसरीच्या पायऱ्यांवर. धरणाचे कार्यकारी अभियंता पंडितराव बाहेर जीपला टेकून सिगारेट ओढत उभे होते. विश्राम साहेबांनी चपला काढल्या, आत आले आणि आमच्यातच खांबाला पाठ लावून मांडी घालून बसले. त्यांच्यासाठी आणलेली खुर्ची रिकामीच राहिली.

भिवाने आंघोळ करून ओल्या पंच्यानिशी देवीच्या पाषाणाला फुलांच्या ओल्या पाकळ्या लावल्या, उजवीकडे आणि डावीकडे. उजवी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. त्याने विचारलं, गावाने उठावं का? सगळे पापणी न लववता बघत राहिले. डावी पाकळी सुटली आणि खाली आली.

देवळात जो आवाज झाला त्याला आनंद म्हणावा की रडं, मला आजही सांगता येत नाही. बाहेरून पंडितराव म्हणाले, “झालं! आता फुलं धरण बांधणार!”

साहेब उठले नाहीत. भिवाकडे बघून म्हणाले, “भिवाबा, देवीक ईचारा, तिची तकरार काय ती. नुसता नाय म्हटल्यान काय कळाचा?”

सरकारी माणसाच्या तोंडून अशी बोली आम्ही पहिल्यांदाच ऐकली. लोक माना वळवून बघायला लागले. भिवाने पाकळ्या नव्याने लावल्या. जमिनीची तक्रार आहे? पाकळी हलेना. तुझ्या देवळाची? हलेना. पाण्याची? उजवी पाकळी टपकन पडली.

पाकळी किती ओली ठेवली की कधी सुटते, हे गुरवाच्या हाताला कळतं असं लोक म्हणतात. साहेब तर गुरवाच्याच घरचे. त्यांना आमच्यापेक्षा जास्त ठाऊक असणार. पण त्यांनी भिवाला त्याबद्दल कधी विचारलं नाही आणि भिवाने कधी सांगितलं नाही.

मग गाऱ्हाणं. भिवा हात जोडून उभा राहिला. त्याचा आवाज म्हातारा, पण गाऱ्हाण्याला उभा राहिला की छपराची कौलं थरथरायची.

“बा देवी पावणाये, बारा गावच्या, बारा वयवाटीच्या म्हाराजा!”

“व्हय म्हाराजा!”

“आज तुजी लेकरा तुज्या पायाकडे गोळा झाली हत, तेंका सांभाळ!”

“व्हय म्हाराजा!”

“कोणाचा काय चुकला-माकला आसात ता पोटात घाल!”

“व्हय म्हाराजा!”

“आणि ह्यो सरकारचो माणूस तुज्या म्होरे बसलो हा. नव्या जाग्यार ईहिरीक बारमाही पाणी लागल्याबिगर ह्यो गावाक हलवचो नाय, कोणाच्या घराचो एक वासो काढूचो नाय, असो तेचो शब्द आसा...”

हे भिवाने मध्येच घातलं होतं. कुणाशी ठरलेलं नव्हतं. आम्ही एकमेकांकडे बघायला लागलो आणि आमचा आवाज घशातच राहिला. त्यामुळे देवळात ऐकू आला तो एकट्याचाच. मोठा, खणखणीत, डोळे मिटून घातलेला.

“व्हय म्हाराजा!”

विश्राम साहेबांचा.

त्यांनी डोळे उघडले. सगळं देऊळ त्यांच्याकडे बघत होतं. त्यांचा चेहरा राखेसारखा झाला. लहानपणापासून गाऱ्हाण्याला जो आवाज निघत आला तो निघाला; काय निघालं ते मागाहून कळलं. पण आमच्याकडे गाऱ्हाण्यात ‘व्हय’ म्हटलेल्याला परत फिरायची वाट नसते. कोर्टातला माणूस पलटतो. देवळातला पलटत नाही.

भिवाने त्यांच्याकडे बघितलंही नाही. गाऱ्हाणं पुरं केलं, नारळ फोडला, अर्धी कवड त्यांच्यापुढे धरली. साहेबांनी हात पुढे केला, थोडा मागे घेतला, परत पुढे केला. कवड घेतली.

बाहेर पंडितराव वाटच बघत होते. “गुरवसाहेब, हे काय करून बसलात?”

“सवयीने गेलं तोंडातून.”

“मग जा आत आणि सांगा, सवयीने गेलं म्हणून! विषय संपला.”

“तेच सांगायचं मनात होतं.” साहेब हातातल्या नारळाकडे बघत म्हणाले. “आता कसं सांगू?”

पुढे भिवाला मी विचारलं, “बाबानू, साहेबाक फासात पकडलास मां?”

“फास कसलो रे!” भिवा उखडला. “माका वाटला, ह्यो गप ऱ्हवतलो. त्या वाक्याक गप ऱ्हवलो म्हणजे गावाक कळतला सरकार काय ता, आणि मगे कोण हलाचो नाय. माका काय म्हायती, ह्यो येडो बोंब मारतलो!” मग जरा थांबून, चिलीम झटकत म्हणाला, “आता माकाच तेची काळजी लागली हा.”

गोष्ट घाट उतरून जिल्ह्याच्या गावी पोचायला कितीसा वेळ? कलेक्टर तेव्हा भटनागर साहेब. उत्तरेकडचे, पण मराठी शिकलेले, माणूस वाईट नव्हे. त्यांनी विश्राम साहेबांना बोलावलं. तेव्हा शिरस्तेदार मोडक फायली घेऊन तिथेच उभे होते. त्यांच्याकडून मला कळलं ते असं.

भटनागर म्हणाले, “गुरव, तुम्ही सरकारचे की देवीचे?”

“पगार सरकारचा घेतो, साहेब.”

“मग दाखला द्या. तुमच्या दाखल्याशिवाय दार पडत नाही. खाली धरणाच्या कालव्याच्या टोकाला लोक तोंड वर करून बसलेत. त्यांच्या विहिरी खारट झाल्यात. माहीत आहे ना?”

“माहीत आहे. त्यातल्या एका गावात माझी बहीण दिलेली आहे.”

भटनागरांनी समोरची फाईल मिटली. “सड्यावर टँकर देऊ.”

“टँकर पहिल्या वर्षी रोज येतो, साहेब. दुसऱ्या वर्षी पुढारी येणार असतील त्या दिवशी येतो. मग त्याची चाकं काढून कुणीतरी बैलगाडीला लावतो.”

मोडकांनी सांगितलं, त्यांना हसू आलं, ते त्यांनी फायलीआड लपवलं. भटनागर हसले नाहीत. म्हणाले, “हे सगळं तुम्ही देवळात हो म्हणालात म्हणून चाललंय?”

“देवळात बोललो ते चुकून. पण पाणी नाही हे काही चुकून नाही. दाखल्यावर मी काय लिहू? पूर्ण झालं? लोकांनी तिथे राहायला जायचं आणि प्यायचं काय?”

“भारतीय प्रशासन सेवेच्या निवडीसाठी यंदा तुमचं नाव जातंय. गोपनीय शेरा मला लिहायचाय. हे मी धमकी म्हणून सांगत नाही.”

“कळतं मला, साहेब. तुम्हाला दिसेल ते लिहा.”

बाहेर आल्यावर साहेबांनी मोडकांकडे पाणी मागितलं आणि बाकावर बराच वेळ बसून राहिले. मोडक म्हणाले, “साहेब, घरी मुलं शिकतायत तुमची. एवढं ताणू नका.” साहेब म्हणाले, “ताणत नाही हो मोडक. सुटत नाहीये.”

या सगळ्यात सड्यावर पाण्याचा शोध चालूच होता. त्यांनी भूजलवाल्यांना आणलं. पठाराच्या कडेला, जिथून सडा खाली दरीत मोडतो, तिथे एका खाजगी काजूच्या बागेत पाणी अडलं असावं असं त्या लोकांचं म्हणणं पडलं. जागा ताब्यात घ्यायची तर पुन्हा नोटिसा, हरकती, सुनावणी. म्हणजे पावसाळा उलटून जाणार. म्हणजे दार त्या साली पडणार नाही. हे साहेबांना कळत होतं, आणि खाली समुद्राकडच्या लोकांनाही कळलं.

वैशाखात एका दुपारी एसटीतून एक बाई उतरली. नऊवारी, हातात पिशवी, कपाळावर घाम. गिरणीच्या ओट्याशी येऊन म्हणाली, “गुरव सायब खय आसत?”

साहेब आतच होते, वह्या पसरून बसलेले. बाहेर आले आणि एकदम लहान झाले. “अगो बाये! तू हय? कळवूचा तरी!”

“कळवून काय करतलंस? जीप धाडतलंस? बस हय. माका बोलाचा आसा.”

ती शेवंती. तिच्या सासरची पोफळीची बाग होती, कालव्याच्या अगदी टोकाला. मी तिला पाणी दिलं. तिने तांब्या तोंडाला लावला, एक घोट घेतला, थांबली. परत घेतला.

“ग्वाड आसा,” म्हणाली. “आमच्याकडे आता असा मिळणा नाय. ईहिरीक खार लागलो हा. पोफळी पिवळे पडले. ह्या साली कालवो येतलो म्हणान आमच्या घरच्यांनी रीन नाय काडल्यानी, झाडा नाय तोडल्यानी, वाट बघत ऱ्हवले. आणि आता ऐकतंय, माझोच भाव सही करणा नाय.”

“बाये, वर ह्या लोकांक प्यावक पाणी नाय.”

“आमका आसा?”

“तुमची ईहीर खारी झाली. ह्येंका ईहीरच नाय. आणि हे लोक घर मोडून जातले. एकदा मोडला की झाला. तुमची बाग...”

“माझी बाग काय? बोल.”

साहेबांनी तिच्या हातातला तांब्या घेऊन ओट्यावर ठेवला. गिरण बंद होती, त्यामुळे सगळं स्वच्छ ऐकू येत होतं.

“तुका मी कडेर घेवन देवळात न्हेयत होतंय,” शेवंती म्हणाली. “बापाशीन गाऱ्हाणा घातला की तू माझ्या कानात बोंबलत होतंस. माका तेचा हसू येय. आता त्याच बोंबेन माझी बाग जातली.” तिने पदराने तोंड पुसलं. “सही करतलंस काय नाय, तेवढा सांग. माका परतीची गाडी मेळाक व्हयी.”

“नाय गो बाये,” साहेब म्हणाले. “पाणी लागल्याशिवाय नाय.”

ती उठली. साहेब तिला एसटीपर्यंत सोडायला निघाले, तर म्हणाली, “ऱ्हवांदे. वाट मेळता माका.” तरी ते मागे मागे गेले. गाडी आली, ती चढली, खिडकीशी बसली, आणि खिडकीतून बाहेर बघितलं नाही. साहेब धुरळा बसेपर्यंत तिथेच उभे होते. मग परत आले, वह्यांपुढे बसले, पेन हातात घेतलं. त्या दुपारी पुढे काही लिहिलेलं मी बघितलं नाही.

मे संपता संपता पंडितराव तयार दाखला घेऊन गावात आले. सोबत पोलिसांची गाडी, जरा लांब, आंब्याखाली उभी केलेली. गाव देवळासमोर गोळा झालं. पंडितरावांनी जीपच्या बॉनेटवर कागद पसरला, वाऱ्याने उडू नये म्हणून वर दगड ठेवला आणि पेन पुढे केलं. त्यांचा आवाज त्या दिवशी मऊ होता.

“गुरवसाहेब, मी तुमचा वैरी नाही. या भिंतीत माझी उमेदीची वर्षं गेलीत. एक पावसाळा वाया गेला तर खालची माणसं मला शिव्या देणार, तुम्हाला नाही. करा सही. पाणी मिळेल त्यांना, आज ना उद्या.”

“मग उद्याच करतो.”

“चेष्टा करता?”

“नाही हो.” साहेबांनी दगड उचलून बाजूला ठेवला. कागद घेतला, नीट वाचला. मग त्याच्या खाली, सहीच्या जागेच्या वर, उभ्याउभ्या लिहिलं की गाळवण्याच्या नव्या जागी पिण्याचं पाणी उपलब्ध नाही, सबब पुनर्वसन पूर्ण झालेलं नाही, दाखला देता येत नाही. तारीख घातली. कागद पंडितरावांच्या हातात दिला आणि पेनला टोपण लावून परत केलं.

कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. भिवा गुरव तेवढा पुढे झाला, साहेबांच्या समोर उभा राहिला आणि काही बोलायला जाणार तोच साहेब म्हणाले, “भिवाबा, आता काय नको. खाली माझ्या भैनीचा घर जळता हा.”

जून लागला आणि त्यांची बदली आली. दूर, राज्याच्या दुसऱ्या टोकाला, एका प्रशिक्षण संस्थेत. नव्या नायब तहसीलदारांना जमीन महसुलाचे कायदे शिकवायचे. चौकशी झाली, ठपका आला, निवडीच्या यादीतून नाव गेलं. पुढच्या साली गेलं, त्याच्या पुढच्याही. जाण्याआधी काजूच्या बागेतल्या जागेचे सगळे कागद त्यांनी पुरे करून ठेवले होते. मोडक म्हणायचे, नव्या साहेबाला फक्त टिकाव मारायचा राहिला होता.

आणि टिकावाला पाणी लागलं. पुढल्या हिवाळ्यात. दगडाच्या भेगेतून आधी पाझरलं, मग वर चढत राहिलं. उन्हाळा संपेपर्यंत आम्ही रोज दोर सोडून बघत होतो. खालावलं, पण आटलं नाही. मग आम्ही घरं मोडली. वासे, दारं, कौलं, चुलीचे दगडसुद्धा वर नेले. पावणाईचा पाषाण भिवाने पाठीवर घेतला, त्या वयात. कुणाला हात लावू दिला नाही. मानकऱ्यांनी नव्या गावठाणात देवळाशेजारचा एक प्लॉट विश्राम साहेबांसाठी राखून ठेवला आणि मला त्यांच्याकडे पाठवलं, या म्हणून, घर बांधा म्हणून.

त्यांनी मला जेवायला घातलं, सगळ्यांची विचारपूस केली, विहिरीला किती पाणी आहे ते दोनदा विचारलं. प्लॉटचं ऐकल्यावर मान हलवली. “नको. मी तिथे घर बांधलं की ती न केलेली सही मी विकली असं होईल. ज्याला लागतो त्याला द्या प्लॉट.”

“तुमच्या मनाक लागला असात, सायबा. यादी...”

“यादीचं काय, आज ना उद्या येईल नाव. नाही आलं तरी इथे पोरं बरी आहेत, ऐकतात.” मग विचारलं, “दार पडलं?”

“गेल्या म्हयन्यात. गाळवण्याच्या आंब्याचे शेंडे तेवढे दिसतत.”

“आणि खाली? कालव्याच्या टोकाला?”

मला ते ठाऊक नव्हतं. तसं सांगितलं.

नाव आलं ते फार मागाहून. मग ते एका कोरड्या जिल्ह्याचे कलेक्टर झाले, सचिवालयात बसले, शेवटी आयुक्त. आमच्या भागाच्या दौऱ्यावर ते एकदाच आले, आयुक्त असताना. तेव्हा माझी गिरण सड्यावर होती. गाड्यांचा ताफा त्यांनी विश्रामगृहावर सोडला आणि गिरणीवर येऊन मला म्हणाले, “चल माझ्याबरोबर. एकट्याला जायला धीर होत नाही.”

आम्ही शेवंतीच्या गावी गेलो. कालवा आला होता. बांधाबांधाने पाणी वाहत होतं, भाजीचे मळे हिरवे होते. तिच्या घरामागे मात्र उघडं. पोफळीचे बुंधे कधीच काढून टाकलेले. तिथे आता कुणाला तरी खंडाने दिलेल्या जमिनीत भुईमूग होता. नवरा वारलेला. मुलगा शहरात कुठे वॉचमन. शेवंती ओट्यावर बसून वाल सोलत होती. केस पांढरे, हात मात्र झपझप चालणारे.

साहेब पायरीशी उभे राहिले. “बाये.”

तिने वर बघितलं. वाल सोलायचे थांबवले नाहीत. “इलंस? मोटो सायब झालंस म्हणतत.”

“झालंय.”

“पोफळी सुकले. त्या साली सुकले, दुसऱ्या साली कालवो इलो.”

“ठावक आसा माका.”

“तुका ठावक आसतलाच. तुका सगळा ठावक असता.” ती सूप बाजूला ठेवून उठली, कमरेवर हात ठेवून, हळू. “लोक सांगतत, त्या वयल्या गावची मानसा तुका देवासारखी मानतत. मानूंदेत. चुकीचा काय केलंस नाय तू, तेवढी अक्कल माका आसा. पण माका तुजो राग इलो होतो, विसराम. तो अजून गेलो नाय. जावचो पण नाय आता.”

“नको जांवदे,” साहेब म्हणाले.

तिने माझ्याकडे बघितलं, मग त्यांच्या धुळीने भरलेल्या पायांकडे. “पाय धुवन घे. न्हाणयेकडे बालदी आसा. तुज्या वांगडच्याकय सांग.” आणि आत जाता जाता म्हणाली, “भात थोडोच आसा. दुसरो घालतंय. बस.”

साहेब न्हाणीकडे गेले. मी मागे गेलो, तर ते नुसते उभे होते, हातात तांब्या भरून घेतलेला, पायावर ओतायचं विसरलेले. आत चुलीत लाकूड सारल्याचा आवाज आला आणि शेवंती कुणाला तरी, बहुतेक मांजराला, ओरडत होती. मी त्यांच्या हातातून तांब्या घेतला आणि त्यांच्या पायांवर पाणी घातलं.